नांदेड व लातूर प्रांतांतील गांवनकाशे, संगणकावरील भूगोल आणि जुनीं दप्तरें

मोडी रुमाल, फारसी फर्मानें आणि शिलालेखांचे ठसे यांच्या चर्चेस वाहिलेल्या या पृष्ठांत उपग्रहांच्या चित्रांविषयीं व संगणकावरील नकाशांविषयीं लेख पाहून कित्येक सभासदांस नवल वाटेल. तथापि गेल्या दहा वर्षांत नांदेड व लातूर या दोन जिल्ह्यांतील खेड्यांच्या पुढील व्यवस्थेचे आराखडे ज्या साधनांवर तयार होत आहेत, त्यांत गांवाची जुनी माहिती जवळजवळ नाहीं. पाणी कोठें अडवावें, रस्ता कोठून न्यावा, कोणती जागा कोणाच्या नांवें लिहावी, हे प्रश्न आतां नकाशावर सुटतात. जुनी माहिती ज्यांच्यापाशीं आहे त्या संग्राहकांस या नकाशांचा परिचय नाहीं, आणि जे नकाशे वापरतात त्यांस आमच्या रुमालांची वार्ता नाहीं. या दोहोंची गांठ घालून देणें हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

प्रथम साधनें कोणतीं तें पाहूं. भारतीय सर्वेक्षण विभागाचे स्थलदर्शक नकाशे सभासदांनीं हाताळलेले असतील. त्यांच्या जुन्या क्रमपद्धतींत लातूर व किल्लारी हीं ५६ बी या वर्गांत येतात, नांदेड शहर ५६ ई मध्यें, आणि उदगीर व देगलूर ५६ एफ् मध्यें. एका इंचास एक मैल या प्रमाणाचे नकाशे मागें पडून पुढें १:५०,००० या प्रमाणाचे आले. म्हणजे कागदावरील एक सेंटिमीटर भूमीवर अर्धा किलोमीटर. या प्रमाणांत दहा मीटर रुंदीची बारव मिलिमीटराचा पांचवा हिस्सा व्यापील. अर्थात् ती दाखवावयाची तर सांकेतिक खूणच करावी लागते, आणि ती करावी कीं नाहीं हें मोजणीदाराच्या विवेकावर राहतें. नकाशांत विहीर नाहीं, सबब त्या काळीं गांवांत विहीर नव्हती, असें अनुमान काढण्याचा मोह ज्यांस होतो त्यांनीं हें लक्षांत ठेवावें.

हे नकाशे फार वर्षें सामान्य माणसाच्या हातीं सहजासहजीं येत नसत. इ. स. २००५ च्या राष्ट्रीय नकाशा धोरणानें नागरी उपयोगाची स्वतंत्र नकाशामाला निघाली. १५ फेब्रुवारी २०२१ रोजीं केंद्र सरकारनें प्रसिद्ध केलेल्या मार्गदर्शक तत्त्वांनीं भारतीय व्यक्ति व संस्था यांच्यावरील पूर्वपरवानगीचीं बहुतेक बंधनें उठलीं. आणि डिसेंबर २०२२ मध्यें राष्ट्रीय भूस्थानिक धोरण आलें. इकडे अवकाश संशोधन संस्थेनें २००९ सालीं 'भुवन' नांवाचें नकाशास्थान उघडलें. त्यावर उपग्रहांचीं चित्रें, जमिनीच्या वापराचे थर, व भूमीच्या उंचसखलपणाचे आंकडे कोणासही पाहतां येतात. ग्रामपंचायतींच्या नियोजनाकरितां १:१०,००० या प्रमाणाची जमीन-वापराची माहितीही तेथें मांडलेली आहे. महाराष्ट्र सरकारचें नागपूर येथील सुदूर संवेदन केंद्र आणि भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा यांचे नकाशे याच कामीं येतात. सार्वजनिक भूमाहिती म्हणतात ती हीच. जनतेच्या पैशानें जमविलेली आणि म्हणून जनतेस पाहण्याजोगी.

'थर' हा शब्द येथें पदोपदीं येणार असल्यानें त्याचा अर्थ सांगतों. जुन्या नकाशावर नदी, शीव, रस्ता, देऊळ हें सर्व एकाच कागदावर काढलेलें असतें. संगणकावरील नकाशांत प्रत्येक वस्तुजात पारदर्शक कागदावर काढून ते कागद एकावर एक ठेवावे, तशी रचना असते. नद्यांचा थर निराळा, सर्व्हे नंबरांचा निराळा, विहिरींचा निराळा. पाहिजे तो ठेवावा, नको तो काढावा. प्रत्येक ठिकाणास अक्षांश-रेखांश दिलेले असल्यामुळें निरनिराळ्या खात्यांनीं निरनिराळ्या वर्षीं केलेले थर एकमेकांवर बसतात. बसावेत, असें म्हणणें अधिक खरें.

कारण ते नेहमीं बसत नाहींत, आणि त्याचें एक कारण आमच्याच प्रांतांतून गेलेल्या रेषेंत आहे. इ. स. १८०२ मध्यें मद्रासेजवळ लॅम्बटननें आरंभिलेली त्रिकोणमितीय पैमाष उत्तरेकडे सरकत निजामाच्या मुलखांत आली. १८२३ सालीं हिंगणघाट येथें तो वारला आणि काम एव्हरेस्टकडे गेलें. या महान् कमानीचें एक प्रमुख स्थान बीदरनजीकचें दामरगिद्दा होय. तेथून वऱ्हाडाकडे जाणारी त्रिकोणांची रांग आजच्या नांदेड जिल्ह्याच्या पूर्व अंगानें, देगलूर-बिलोलीच्या बाजूनें, जाते. त्या मोजणीवरून एव्हरेस्टनें १८३० सालीं पृथ्वीच्या आकाराचें जें मान ठरविलें, त्यावर हिंदुस्थानचे पुढील दीडशें वर्षांचे नकाशे रचले गेले. आजचे उपग्रह पृथ्वीचा आकार थोडा निराळा धरतात. परिणाम असा कीं, जुन्या पत्रकावरून उतरून घेतलेले अक्षांश-रेखांश तसेच नव्या नकाशावर मांडल्यास आमच्या प्रांतांत खूण शंभर मीटरांच्या आसपास बाजूला पडते. शंभर मीटर म्हणजे गढी ओढ्यांत जाते आणि मठ शेजारच्या गांवांत. संगणकास कोणतें मान वापरलें आहे तें सांगितलें म्हणजे तो स्वतः दुरुस्ती करतो. पण सांगावें लागतें. एखाद्या सभासदानें जुन्या पत्रकावरून घेतलेल्या आंकड्यांचा हात धरून रानांत शोध केला, व कांहींच न सांपडल्यानें शिलालेख नष्ट झाला असें लिहून टाकलें, असें घडणें अगदीं शक्य आहे.

स्थलदर्शक नकाशाहून गांवच्या माणसास जवळचा तो गांवनकाशा. मराठवाड्यांतील पहिली शास्त्रीय पैमाष एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत निजाम सरकारनें मुंबई इलाख्याच्या धर्तीवर केली. तेहतीस फुटी सांखळी, तिच्या चौरसाचा एक गुंठा, चाळीस गुंठ्यांचा एकर. पुढें गटवारी झालेल्या गांवांत सर्व्हे नंबर जाऊन गट क्रमांक आले. त्यामुळें निजामी कागदांतील क्रमांक आजच्या सातबाऱ्यावर शोधणाऱ्यास मधली जुळणी पाहिल्याशिवाय गत्यंतर नाहीं. हे कापडावर चिकटविलेले, घड्यांवर फाटलेले नकाशे आतां संगणकावर उतरवून घरबसल्या पाहतां येतात. सोय मोठी आहे, पण एक उणेपण ध्यानीं ठेवावें. प्रत्येक गांवाची मोजणी त्या गांवापुरती झाली होती. म्हणून दोन शेजारच्या गांवांचे नकाशे जोडले कीं शिवेवर कोठें फट राहते, कोठें एकाची जमीन दुसऱ्यावर चढते. संगणक ही फट निमूटपणें बुजवून टाकतो आणि नकाशा एकसंध दिसतो; प्रत्यक्ष शिवेवर मात्र भांडण तसेंच असतें. शिवेच्या वादाचे महजर ज्यांच्या संग्रहीं आहेत त्यांस त्या फटींचा अर्थ आमच्याहून अधिक कळेल.

राज्यांच्या सीमांचेंही तेंच आहे. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेंत बीदर जिल्ह्यांतील अहमदपूर, निलंगा व उदगीर हे तालुके मराठवाड्याकडे आले. आदिलाबादेंतून किनवट तालुका व बोथ तालुक्याचें इस्लापूर मंडळ नांदेडकडे आलें; उलट देगलूर तालुक्यांतील बिचकुंदा व जुक्कल आणि मुधोळ तालुक्यांतील मुधोळ, भैंसा व कुबेर हीं मंडळें नांदेडांतून गेलीं. लातूर जिल्हा तर ऑगस्ट १९८२ मध्यें उस्मानाबादेंतून, म्हणजे आजच्या धाराशिवांतून, निघाला. ज्यांस उदगीरच्या एखाद्या वतनाचा कागद पाहिजे त्यांनीं बीदर व हैदराबाद विसरूं नये, आणि भैंशाच्या कागदांकरितां नांदेडचीं दप्तरें पाहावींत. आराखडा करणारांसही याचा जाच होतो. मांजरा नदी बीड जिल्ह्यांत उगम पावून लातुरांतून कर्नाटकांत जाते, तेथून तेलंगणांत, आणि अखेर नांदेडच्या शिवेनें गोदावरीस मिळते. पण राज्याच्या खात्याचा थर राज्याच्या सीमेवर कात्रीनें कापल्यासारखा संपतो. ज्या ओढ्याचें पाणी देगलूरच्या गांवांत येतें त्याचें पाणलोट शेजारच्या राज्यांत असल्यास त्या गांवाचा पाण्याचा हिशेब अपुरा राहतो.

या दोन जिल्ह्यांत नकाशाचें महत्त्व लोकांच्या मनावर ठसलें तें किल्लारीच्या भूकंपानें. ३० सप्टेंबर १९९३ रोजीं, गणपति विसर्जनाच्या रात्रीनंतरच्या पहांटे, चार वाजण्याच्या सुमारास औसा तालुक्यांतील किल्लारी व त्याच्या परिसरांतील लातूर आणि उस्मानाबाद जिल्ह्यांचीं गांवें कोसळलीं. दगडमातीच्या जाड भिंती आणि त्यांवर मातीचें जड माळवद, अशीं घरें होतीं. जवळजवळ दहा हजार माणसें त्यांखालीं गेलीं. पुढें ५२ गांवें संपूर्ण नव्या जागीं वसविण्यांत आलीं. नव्या वसाहती सरळ रेघांच्या, चौकटीच्या; घराचें क्षेत्र धारण केलेल्या जमिनीवरून २५०, ४०० किंवा ७५० चौरस फूट. घाई होती, लोक उघड्यावर होते, आणि त्या प्रसंगीं कोणी जुन्या आळ्यांचा आराखडा शोधीत बसावें अशी अपेक्षा करणें अमानुषपणाचें झालें असतें. परंतु जुन्या पांढरीचा, म्हणजे वेस, पार, चावडी, गढी, आड, निरनिराळ्या समाजांच्या आळ्या यांचा, घरवार नकाशा बहुतेक ठिकाणीं मुळांत अस्तित्वांतच नव्हता. शेताची मोजणी झालेली, काळीचा इंच इंच लिहिलेला. पांढरी मात्र नकाशावर एक कोरी आकृति. त्यामुळें गांव पडलें तेव्हां त्याची आकृति माणसांच्या आठवणींत उरली, आणि तीं माणसें एकेक करून जात आहेत. त्या आळ्यांचे उल्लेख घरविक्रीच्या खतांत, वाटणीपत्रांत, गहाणखतांत सांपडतात. अमक्याच्या वाड्याचे उत्तरेस बोळ, पूर्वेस मशीद, दक्षिणेस आड, असे चतुःसीमेचे चार शब्द. एका खतानें कांहीं होत नाहीं. पण एकाच गांवचीं दहावीस खतें जमलीं तर आळीची सांखळी जुळूं लागते. ज्यांच्या संग्रहांत या ५२ गांवांपैकीं एखाद्याचीं खतें आहेत त्यांनीं तीं किरकोळ म्हणून बाजूस ठेवूं नयेत, अशी आमची आग्रहाची विनंति आहे.

दुसरी गोष्ट पाण्याची. एप्रिल २०१६ मध्यें मिरजेहून लातुरास आगगाडीनें पाणी आणावें लागलें, हें सर्वांस स्मरत असेल. पहिल्या गाडीस दहा वाघिणी होत्या व तींत सुमारें ५ लक्ष लिटर पाणी होतें. पुढें पन्नास वाघिणींची, २५ लक्ष लिटरांची गाडी धांवूं लागली. आतां हिशेब पाहा. लातूरचें सरासरी पर्जन्यमान वर्षास ८०० मिलिमीटरांच्या आसपास. एक मिलिमीटर पाऊस एक हेक्टरावर पडला म्हणजे १०,००० लिटर पाणी होतें. त्या मानानें एका एकरावर साधारण वर्षीं ३२ लक्ष लिटर पाणी पडतें. पन्नास वाघिणींची संबंध गाडी एका एकराच्या पावसाएवढीही नव्हती. अर्थात् पडलेलें सर्व पाणी हातीं लागत नाहीं. कांहीं वाहून जातें, कांहीं पिकें पितात, कांहीं उन्हानें उडतें, आणि उरलेलें मुरतें. गांवाचा पाण्याचा ताळेबंद म्हणतात तो याच चार खात्यांचा.

हा ताळेबंद नकाशावरून मांडण्याचें काम २०१८ पासून नानाजी देशमुख कृषि संजीवनी प्रकल्पानें मराठवाड्याच्या आठही जिल्ह्यांत, विदर्भाच्या सहा जिल्ह्यांत व जळगांवांत हातीं घेतलें, आणि त्याचें गणित मुंबईच्या आय्. आय्. टी. संस्थेनें बसविलें. मातीचा थर, जमिनीचा उतार, पिकांचा थर व रोजचा पाऊस हे एकत्र करून शिवारांतील प्रत्येक तुकड्यावर पाण्याचें काय होतें तें संगणक सांगतो. मग ग्रामसभेंत लोक तो नकाशा पाहून बंधारा कोठें, शेततळें कोठें, तें ठरवितात. हीच पद्धति पूर्वींच्या जलयुक्त शिवारांत थोड्या स्थूल रीतीनें होती. आमच्या मतें या कामांतील सर्वांत मोलाचा भाग गणिताचा नसून ग्रामसभेंतील त्या दोन तासांचा आहे, कारण तेथेंच एखादा म्हातारा उठून सांगतो कीं, नकाशांत कोरडी दाखविलेली ही घळ पूर्वीं चैत्रापर्यंत वाहत असे. संगणकास उंचसखलपणाचे आंकडे तीस मीटरांच्या चौकटींचे मिळतात. नांगरटीनें बुजलेला ओढा त्यांत कधीं दिसतो, कधीं दिसत नाहीं.

येथें जुने कागद साक्षीदार होऊं शकतात. लातूर व नांदेडचा बराच भाग काळ्या पाषाणाचा आहे. पाणी त्याच्या झिजलेल्या व भेगाळलेल्या थरांत सांठतें, आणि एका विहिरीस पाणी असतां शंभर पावलांवरची कोरडी असूं शकते. देगलूर-बिलोलीकडे ग्रॅनाइटचा खडक लागतो, तेथील रीत आणखी निराळी. अशा भूमींत पूर्वजांनीं बारव कोठें खोदली हें योगायोगाचें नसतें. बारमाही पाण्याचा आड, मळ्याची विहीर, फुटलेला बांध, बागाईत म्हणून आकारणी झालेली जमीन, असे उल्लेख लावणीपत्रकांत व इनामांच्या कागदांत विखुरलेले आहेत. एकाच शिवारांत दोनशें वर्षांपूर्वीं बागाईत लिहिलेले नंबर आजच्या नकाशावर रंगवून पाहिले, तर ते ओढ्याच्या कांठीं रांगेनें उभे राहतील, अथवा राहणार नाहींत. दोन्हीही गोष्टी सांगण्यासारख्या आहेत. कंधारच्या जगत्तुंग समुद्राचें उदाहरण डोळ्यांपुढें आहे. राष्ट्रकूटांच्या काळचा तो तलाव आजही उपग्रहाच्या चित्रांत सहज ओळखूं येतो, आणि त्याच्या पाणलोटाची रेषा उंचीच्या आंकड्यांवरून घटकाभरांत काढतां येते. ज्यांनीं तो बांधला त्यांस ती रेषा पायांनीं चालून शोधावी लागली असेल.

जास्त पाण्याची बाजूही विसरूं नये. ऑगस्ट २०२५ मध्यें मुखेड तालुक्यांत लेंडीच्या पुरानें हसनाळ व आसपासचीं गांवें पाण्यांत गेलीं आणि माणसें दगावलीं. पूर कोठवर येतो याच्या खुणा जुन्या लोकांनीं देवळाच्या पायऱ्यांशीं जोडून ठेवलेल्या असतात. नांदेडसारख्या गोदाकांठच्या शहरांत घाटांच्या पायऱ्या याच कामीं येत. कोणत्या सालीं पाणी कोणत्या पायरीस लागलें असा उल्लेख एखाद्या वहीच्या समासांत सांपडला, तर त्या पायरीची आजची उंची मोजून पुराची पातळी नकाशावर उतरवितां येईल. नदी पाहणारे यंत्री अशा एका ओळीकरितां पुष्कळ देतील. आमच्यांतले कित्येक ती ओळ मजकुराशीं असंबद्ध म्हणून छापतांना गाळतात.

आतां ज्या गोष्टीकरितां हा लेख घाईनें लिहावा लागला ती सांगतों. गांवठाणांची ड्रोननें मोजणी चालू आहे. महाराष्ट्रांत तिची सुरुवात २०१८ सालीं पुरंदर तालुक्यांतील सोनोरी येथें झाली, आणि २०२० पासून 'स्वामित्व' या नांवानें केंद्र सरकारनें ती सर्व देशाकरितां आरंभिली. ज्या पांढरीची आकृति आजवर कोरी होती तींत आतां घरागणिक रेषा पडतात. रीत अशी कीं, ड्रोन उडण्यापूर्वीं मिळकतींच्या कडेस चुन्याच्या खुणा करतात; वरून चित्र घेतात; त्यावरून कांहीं सेंटिमीटरांपर्यंत अचूक नकाशा होतो; मग मोजणीदार गांवांत येऊन चौकशी करतात, हरकती ऐकतात, आणि शेवटीं मिळकत पत्रिका व सनद देतात. गरिबास आपल्या घराचा कागद प्रथमच मिळतो, त्यावर कर्ज मिळतें, ग्रामपंचायतीस कराचा हिशेब कळतो. हें काम चांगलें आहे, आणि त्यास अडथळा करण्याचा आमचा हेतु नाहीं.

पण चुना ओढावयास घरधनी येतो. बारवेचा घरधनी कोण? पडक्या गढीच्या बुरुजाचा, ओस पडलेल्या मठाचा, वेशीच्या अर्ध्या कमानीचा, वीरगळांच्या रांगेचा, जुन्या कबरस्तानाचा कोण? पंचायतीनें पुढें होऊन तेथें खुणा केल्या नाहींत, तर शेजाऱ्याचा चुना चार हात पुढें सरकण्याचा धोका आहे. आणि एकदां ती रेषा सनदेंत उमटली कीं ती मोडावयास कज्जा करावा लागेल. महजरांच्या काळीं शिवेचा धोंडा रात्रीं हलवीत. आतां तो नकाशावर हलेल, आणि तोही बहुधा कोणाच्या मनांत लबाडी नसतां, केवळ विचारणारा कोणी नव्हता म्हणून. ज्या गांवची मोजणी व्हावयाची आहे त्या गांवाविषयीं आपल्या संग्रहांत कांहीं असेल, तर त्याची नक्कल मोजणीच्या आधीं ग्रामपंचायतीच्या हातीं गेली पाहिजे. चौकशीच्या वेळीं हरकत मांडतां येते. नंतर मांडणें फार जड जातें. जेथें सनदा वांटल्या गेल्या आहेत तेथेंही सार्वजनिक जागांच्या नोंदी एकदां पाहून घ्याव्यात.

मात्र दोन गोष्टींत आम्ही संग्राहकांसच सावध करूं इच्छितों. जुना कागद हा पुरावा आहे, निवाडा नव्हे. इ. स. १७५० सालीं मठाकडे असलेली जागा आज कोणाची हें तो कागद ठरवूं शकत नाहीं. मधल्या काळांत विक्री झाली असेल, इनाम खालसा झालें असेल, कुळकायदा आला असेल. दीनदुबळ्याच्या झोपडीखालची जागा दोनशें वर्षांपूर्वीं कोणा देशमुखाची होती असें सांगून त्याला उठविण्यास आमचे रुमाल उपयोगी पडले, तर ते जाळून टाकलेले बरे. दुसरी गोष्ट गुप्ततेची. ओस जागीं उघड्यावर असलेल्या मूर्ति व शिल्पें यांचे अचूक अक्षांश-रेखांश सर्वांस दिसणाऱ्या नकाशावर घालणें म्हणजे मूर्तिचोरांस व गुप्तधनाच्या नादीं लागलेल्यांस वाट दाखविणें होय. पंचायतीस व पुरातत्त्व खात्यास ठिकाण नेमकें कळवावें. छापतांना गांवाचें नांव पुरे. होट्टल किंवा खरोसा यांसारखीं प्रसिद्ध स्थळें यास अपवाद, तीं आधींच सर्वांस ठाऊक आहेत.

कागदावरून नकाशावर जाण्याची रीत थोडक्यांत अशी. समजा, एका महजरांत चतुःसीमा दिली आहे: पूर्वेस ओढा, पश्चिमेस हमरस्ता, दक्षिणेस अमक्या गांवची शीव, उत्तरेस मठाची विहीर. आरंभ शिवेपासून करावा, कारण चौघांत ती सर्वांत कमी हलते. त्यासाठीं गांव ओळखलें पाहिजे, आणि येथेंच बहुतेकांचा पाय घसरतो. वडगांव व पिंपळगांव या प्रांतांत किती आहेत तें मोजावयास नको, बुद्रुक-खुर्द निराळेच, आणि तेंच नांव मोडींतून उर्दू दप्तरांत, तेथून इंग्रजी यादींत, व तेथून पुन्हां देवनागरींत येतांना प्रत्येक वळणावर एखादें अक्षर सोडून येतें. म्हणून नांवासोबत परगणा व शेजारचीं निदान दोन गांवें पाहावींत, आणि गांव निश्चित झाल्यावर त्याचा जनगणनेंतील क्रमांक लिहून ठेवावा. नांव बदलतें, क्रमांकाची जुळणी लागते. शीव सांपडल्यावर ओढा उंचीच्या आंकड्यांवरून पडताळावा. हमरस्त्यावर विश्वास कमी ठेवावा, कारण डांबरी रस्त्यांनीं जुन्या वाटा सोडल्या आहेत. जुनी वाट बहुधा पांदण किंवा शिवरस्ता म्हणून गांवनकाशांत दुहेरी रेघेनें उरलेली असते. विहीर सर्वांत शेवटीं, आणि ती प्रत्यक्ष जाऊन. बिघे व चावर यांचें एकरांत रूपांतर करून क्षेत्र जुळविण्याच्या भरीस पडूं नये; काठीची लांबी परगण्यागणिक निराळी होती, आणि आंकडा जुळला तर तो बहुधा चुकून जुळला असेल.

टिपण पाठविणारांनीं कागदाची मिति व सन मूळांत असेल तसाच लिहावा. फसली असेल तर फसली. त्यांत ५९० मिळवून इसवी सन येतो तो कंसांत द्यावा. गांवाचा क्रमांक, जागेची खात्री प्रत्यक्ष पाहून केली कीं नकाशावरून, आणि कोणत्या नकाशावरून, हेंही लिहावें. ज्या गांवांची वस्ती उठली व जीं महसुली यादींत अद्याप बेचिराख म्हणून उरलीं आहेत, त्यांचीं नांवें जमाबंदीच्या कागदांत आढळल्यास तीं अवश्य टिपावींत. त्यांच्या पांढरीचें स्थान उपग्रहाच्या चित्रांत काळ्या रानांतल्या फिकट डागावरून पुष्कळदां ओळखतां येतें. परंतु त्याकरितां चित्र चैत्र-वैशाखांतील घ्यावें. मृगानंतर सोयाबीन उगवलें म्हणजे काळी आणि पांढरी सारखीच हिरवी दिसते.